दादाची अंघोळ

८ जुलै, सोमवार

दादाला आज नेइआफूच्या इस्पितळातून आमच्या बेटावर घरी आणलं. हालोतीच्या होडीत जुनी चटई अंथरून तिच्यावर निजवला होता. मी धक्क्यावर गेले नाही, माझ्या घराच्या मागच्या खिडकीतूनच पाहिलं. चौघांनी उचलला. एकानेही उचलला असता. एवढा आडदांड माणूस, पण कोनफळाच्या वेलाला आधाराला लावतात ना, त्या काठीसारखा झालाय.

संध्याकाळी लुपे आली. दादाची मुलगी. पायरीवर बसली.

"आत्या, डॉक्टर म्हणाले, घरीच ठेवा. यकृतातली गाठ वाढलीय. आता औषध फक्त दुखण्यावर."

"किती दिवस म्हणाले?"

"ते बोलले नाहीत. मीही विचारलं नाही."

तेव्हा ती रडली नाही. पुढचं सांगताना रडली. बाबांना अंघोळ कोण घालणार? वहिनी तर राहिली नाही. किनी, तिचा भाऊ, ऑस्ट्रेलियात फळं तोडायला गेलाय, हंगाम संपेपर्यंत त्याला सोडत नाहीत. दादाचे चुलतभाऊ सगळे ऑकलंडला. आणि लुपे पडली मुलगी. बापाच्या डोक्याला हात लावायचा नाही, त्याच्या कमरेचं फडकं सोडायचं नाही, हे आमच्याकडे आईच्या दुधाबरोबरच पाजतात. इस्पितळात नर्सबाई होती. इथे कोण? परक्या पुरुषाला हे सांगायचं तरी कसं?

ती गेल्यावर ही वही काढली. या गोष्टी बोलायला मला कुणी नाही. शाळा लवकर सुटली माझी, अक्षर प्रार्थनेचं पुस्तक गिरवून गिरवून वळलं. चुकलंमाकलं तर वाचणारी मीच आहे.

९ जुलै, मंगळवार

सारखा एकच विचार. दादाला सख्खा भाऊ असता तर हा प्रश्नच नव्हता.

आणि कागदावर त्याला भाऊ आहे. देवळातल्या बाप्तिस्म्याच्या पानावर नाव आहे त्याचं, लोपेती. ती मीच.

साठी उलटली माझी. तरुणपणापासून गाव मला लोसा म्हणतं. मुलगा म्हणून जन्मले, बाई म्हणून जगले. माझ्यासारखीला इथे लेइती म्हणतात, गावात असते एखादी. लग्नाचे झगे माझ्याकडून शिवून घेतात, देवळातली फुलं मीच मांडते, बायकांत बसून चटया विणते. पुरुष शिट्ट्या मारतात, मी त्यांना उलट दोन मारते. सगळे हसतात, मीही हसते.

दादा तेवढा कधी हसला नाही. त्याला माझी लाज वाटते. मी चौदा वर्षांची होते तेव्हापासून मला हे ठाऊक आहे. मागच्या झोपडीत आम्ही दोघे झोपायचो, घरातले मुलगे झोपतात तसे. एक दिवस बापाने मला आईचा झगा घातलेला पाहिला आणि नारळाच्या झावळीच्या देठाने फोडून काढलं. दादा दारात उभा राहून बघत होता. दुसऱ्या दिवशी त्याने आपली चटई गुंडाळली आणि निघून गेला. नंतर त्याने स्वतःसाठी वेगळी झोपडी बांधली. माझ्या वाऱ्याला उभा राहीना. मी पुढच्या दाराने आत आले की तो मागच्या दाराने बाहेर. सभागृहात सिनेमा लावायचे तेव्हा मी टेकले रे टेकले की तो उठायचा. एका ताटलीतलं खाणं नाही, एका चटईवर बसणं नाही. कधी शिवी दिली नाही की हात उगारला नाही. शिवी परवडली असती. शिवी देणारा निदान तोंडाकडे बघतो.

वहिनीची मात्र माया होती माझ्यावर. दर वर्षी कोनफळं निघाली की पहिली टोपली माझ्या पायरीवर. त्यातही थोराड, न खरचटलेली निवडून आणलेली. ठेवायची आणि जायची. ती गेल्यावर आता लुपे आणते. आईची रीत पोरीने मोडली नाही.

१० जुलै, बुधवार

विणायला गेले, पण बोटं चालेनात. केवड्याची पात दोनदा फाटली.

माझ्या शेजारी बसून विणते ती माझी मैत्रीण कालो, तिचा भाऊ मासे घेऊन आला होता. नेहमीसारखा बाहेरूनच खाकरला, मासे पायरीवर ठेवले आणि खाली बघून चालता झाला. कालो आत बसलीय म्हटल्यावर तो कसला आत येतो! बहीण बसली असेल त्या छपराखाली भावाने शिरायचं नाही, हे इथे रांगतं पोरही जाणतं. शहरात वाढलेली एक नवी सून आहे आमच्यात, ती म्हणाली, "कालोमावशी, भाऊ घाबरतो वाटतं तुम्हाला!"

"घाबरतोय कशाला? मानतो." कालो दातात पात धरूनच बोलली. "माझा मान त्याच्या वर आहे, मग तो माझ्यापुढे लोळेल कसा? तुझा भाऊ लोळतो का गं तुझ्यासमोर?"

"लोळतो की. टीव्ही बघतो."

"मग तुझ्या आईला सांग, पोराला वळण लावायचं राहून गेलं."

सगळ्या खिदळल्या. मीही हसले. मनात म्हटलं, कालो, नशीब काढलंस बाई.

११ जुलै, गुरुवार

ठरवलं. कालोच्या घरी गेले आणि कात्री पुढे केली.

"केस काप."

"किती?"

"पुरुषासारखे."

तिने कात्री खाली ठेवली. आमच्याकडे केस कापतात ते मयताला. "कोण गेलं?"

"कुणी नाही. दादाला भाऊ हवाय. लोसाला थोडे दिवस बाजूला ठेवते."

"बाजूला ठेवायला ती काय छत्री आहे? अगं, ज्याने जन्मभर तुझ्याकडे बघितलं नाही त्याच्यासाठी?"

"त्याच्यासाठीच."

ती कापत राहिली. मध्येच थांबली तेव्हा मला वाटलं, कात्री बोथट झाली असेल. तिचं नाक वाहत होतं.

घरी येऊन ट्रंकेतून बापाची जुनी लुंगी आणि सदरा काढला. आरशात बापच उभा.

१२ जुलै, शुक्रवार

आज पहिली अंघोळ घातली.

लुपेने पाणी तापवून दिलं आणि बाहेर जाऊन उभी राहिली. मी आत गेले. इतक्या वर्षांत प्रथमच दादाच्या खोलीत. मुद्दाम जड पाऊल टाकलं, घसा खाकरून आवाज खाली आणला. "दादा, मी लोपेती. तुझा भाऊ. अंघोळ घालतो तुला."

त्याने माझ्याकडे पाहिलं. माझ्या डोक्याकडे पाहिलं. मग डोळे मिटून घेतले आणि तोंड भिंतीकडे फिरवलं.

पाठ चोळताना हाताला बरगड्या लागत होत्या. त्याचं सगळं अंग थरथरत होतं. पाणी गार झालं असेल म्हणून मी आणखी गरम ओतलं. थरथर थांबली नाही. कमरेचं फडकं बदलायला घेतलं तर त्याने ते मुठीत घट्ट धरून ठेवलं. आजारी माणसाच्या हातात एवढा जोर कुठून येतो? एकेक बोट सोडवावं लागलं.

पहिलाच दिवस. सवय होईल.

१४ जुलै, रविवार

देवळात पुरुषांच्या बाजूला बसले. प्रार्थना झाल्यावर पाद्रीबाबांनी माझे दोन्ही हात हातात घेतले. "लोपेती, देवाने तुला घरी परत आणलं." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. माणूस खरंच खूश झाला होता. मी मान खाली घातली.

मग पुरुषांनी काव्हा प्यायला बोलावलं, मुळ्या कुटून पाण्यात कालवलेला. त्यांच्या घेऱ्यात मी कधी बसले नव्हते. हालोतीने वाटी पुढे केली.

"घे रे लोपेती. होतास कुठे इतकी वर्षं?"

"तुझ्या बायकोचा झगा शिवत होतो."

"म्हणूनच एवढा घट्ट झाला होता तो!"

हसून हसून घेरा लवंडला. मीही हसले, जाड आवाजात. सगळे माझ्याशी इतकं चांगलं वागले. घरी येताना मात्र वाटत होतं की कुणाच्या तरी चपला घालून आलेय आणि तो माणूस मागून हाका मारतोय.

१७ जुलै, बुधवार

दादा माझ्या हातून खात नाही. नीरफणस उकडून, नारळाच्या दुधात कुस्करून नेलं, तोंड उघडलं नाही. लुपेने नेलं तर दोन घास घेतले. बोलतो ते फक्त लुपेशी. मी खोलीत असले की भिंतीकडे तोंड.

कुठे कमी पडते? चाल बदलली, आवाज बदलला, बसणं बदललं. विणकामाला जाणं बंद केलं. कालो परवा वाटेत भेटली, म्हणाली, "तुझी पात वाळून चाललीय." मी पुरुषांसारखी नुसती मान हलवली आणि पुढे गेले.

२० जुलै, शनिवार

आज झगे सगळे गाठोड्यात बांधले आणि लुपेकडे दिले. "वाट, जाळ, काहीही कर." तिने गाठोडं छातीशी धरलं. पोरगीही हल्ली माझ्या नजरेला नजर देत नाही. ती तरी काय करणार, बापाचं बघून बघून तिलाही लाज वाटायला लागली असेल.

देवाला शब्द दिला आहे. दादाने एकदा, फक्त एकदा माझ्याकडे तोंड करून मला भाऊ म्हणावं. मग मरेपर्यंत मी लोपेतीच राहीन. झगे नकोत, लोसा नको, काही नको. त्याच्या नि माझ्या मध्ये जी भिंत होती ती लोसाच होती ना? मग पाडली. आता तरी बघ रे माझ्याकडे.

२३ जुलै, मंगळवार

दोनदा वही मिटली. तरी लिहिते.

सकाळी घंगाळ घेऊन आत गेले. दादा उठून बसायची धडपड करत होता. मला बघून त्याने घंगाळ ढकललं. पाणी सगळीकडे झालं आणि तो चटईवरून खाली कोसळला. कपाळाला खोक पडली. मी उचलायला वाकले तर सरपटत भिंतीकडे गेला. माझ्यापासून लांब! मग माझा तोल सुटला. ओरडले त्याच्यावर. मरणाऱ्या माणसावर.

"मी भाऊ आहे तुझा! भाऊच आहे! केस कापले, कपडे टाकले, आणखी काय कापू?"

त्याने पांघरूण गळ्यापर्यंत ओढून घेतलं आणि तो रडायला लागला. आवाज न करता. दादाला मी कधी रडताना पाहिलं नव्हतं, आईच्या मयतालासुद्धा नाही.

लुपे धावत आली. तिने मला दंडाला धरून बाहेर ओढलं, थेट माडाखाली नेलं.

"पुरे आत्या! बाबा गाठीने मरायच्या आधी लाजेने मरतील."

"माझी लाज त्याला पहिल्यापासूनच आहे."

"तुझी नाही गं! स्वतःची! रोज सकाळी बहिणीने यायचं आणि कमरेचं फडकं सोडायचं. कुठला भाऊ सहन करेल?"

"कोण बहीण?"

तिने माझा दंड सोडला. "माझं नाव कुणी ठेवलं?"

"मी. वहिनी आली होती विचारायला."

"आणि आईला कुणी पाठवलं? नाव ठेवायचा मान आत्याचा असतो म्हणून बाबांनी पाठवलं. आई म्हणाली होती, लोक हसतील. बाबा म्हणाले, हसू देत. आणि कोनफळाची पहिली टोपली? ती आईची वाटत होती तुला? बाबा स्वतः निवडायचे, एकेक हातात घेऊन. मी एकदा त्यातलं एक उचललं तर मार खाल्ला मी. म्हणाले, हे वरच्या माणसाचं आहे, तुझ्या आत्याचं."

"मग कधी एक शब्द का नाही बोलला माझ्याशी?"

"कालोमावशीचा भाऊ काय बोलतो तिच्याशी?"

मी कापलेल्या केसांवरून हात फिरवला.

"आधी का नाही सांगितलंस?" मी विचारलं.

"मोठ्यांच्या मध्ये मी काय बोलू? आणि..." ती माडाकडे वळली. "सांगितलं असतं तर तू गेली असतीस. मग अंघोळ कुणी घातली असती?"

त्याच दिवशी, दुपारी

त्या झोपडीचा विचार करतेय. बापाने मारलं त्याच्या दुसऱ्या दिवशी दादा चटई गुंडाळून गेला. मी समजले की तो माझ्यापासून पळाला. सोळा वर्षांचं पोर ते. मी कोण आहे हे माझं मलाही तेव्हा सांगता आलं नसतं. त्याने ते दारात उभं राहून पाहिलं आणि बहीण निजते त्या छपराखालून आपली चटई काढून नेली.

इतकी वर्षं मला वाटायचं, गाव मला लोसा म्हणतं आणि माझा भाऊ तेवढा म्हणत नाही.

लिहिलं खरं. पण अजून पुरतं आत उतरत नाही.

२४ जुलै, बुधवार

लुपेने गाठोडं जाळलं नव्हतं. स्वतःच्या चटईखाली ठेवलं होतं. निळा झगा काढला, चारचौघांत जाताना मानासाठी बांधतात तशी कमरेला चटई बांधली. डोकं मात्र भादरलेलं. कालो म्हणाली, "सोललेल्या नारळासारखी दिसतेस." म्हटलं, "असू दे. डोक्याला वारा लागतोय." मग दोघी गळ्यात गळा घालून रडलो.

बहीण व्हायचं म्हणजे काय ते मात्र आता कळलं. बहीण व्हायचं म्हणजे खोलीबाहेर पडायचं. आता दादाच्या अंगाला हात लावायचा नाही, उशाशी बसायचं नाही, शेवटचा घोट द्यायचा नाही. लोपेती राहिले असते तर हे सगळं मला मिळालं असतं, आणि प्रत्येक वेळी तो थरथरला असता.

संध्याकाळी पुरुषांच्या काव्ह्याच्या घरी गेले. आत नाही, बायका थांबतात तिथे, दाराबाहेर.

पाद्रीबाबा म्हणाले, "लोपेती, हे काय पुन्हा? ये, आत ये, बस."

"मी लोसा आहे, बाबा. आत नाही येत." दाराची चौकट धरली. "माझ्या भावाला अंघोळ घालायला पुरुष माणूस हवाय. मी त्याची बहीण आहे. मला चालत नाही."

असं मी आयुष्यात कधी म्हटलं नव्हतं. मी लोसा आहे हे म्हटलं होतं, हसत, नाचत, शिट्ट्या मारत. पण मी कुणाची तरी बहीण आहे हे कधीच नाही.

मागून कुणीतरी फिसकन हसलं. कुणी उठेना. मी मनात म्हटलं, झालं, दादाला आता पारोसाच मरावं लागणार.

हालोतीने वाटी खाली ठेवली.

"पाणी कसं लागतं त्याला? गरम का गार?"

"कोमट."

"माझी कंबर धरलीय, आधीच सांगतो. पण येतो उद्या." आणि घेऱ्याकडे वळून म्हणाला, "बघताय काय? उचलायला आणखी एक लागेल. कोण येतंय?"

२५ जुलै, गुरुवार

बाहेर ओसरीवर भिंतीला टेकून बसले होते. आत हालोती वल्हवायची गाणी म्हणत दादाला धूत होता. अर्धी गाणी बायकांनी ऐकायची नव्हेत. मध्येच दादाला म्हणाला, "फेलेती, अरे, तुझी पाठ घासायची म्हणजे पन्हळी पत्रा घासायचा!" आणि आतून हसण्याचा आवाज आला. खोकल्यात अडकलेला, पण हसण्याचाच. आज थरथर नव्हती म्हणे. लुपेने सांगितलं.

नीरफणस मीच कुस्करलं होतं. लुपेच्या हाती पाठवलं. सगळं संपवलं.

२७ जुलै, शनिवार

आमचं बोलणं सुरू झालंय! म्हणजे लुपेच्या तोंडून. तो आत, मी बाहेर, ती दारात.

"बाबा विचारतात, आत्या जेवली का?"

"सांग, जेवले."

"काय जेवली?"

"मासा."

"कुठला?"

"पोपटमासा. कालोच्या भावाने आणलेला."

"ते म्हणतात, त्याला मासे धरायला कधी जमलं?"

"सांग, आळशी आहे पण नशीबवान आहे."

शेवटी पोरगी वैतागली. "दोघांनाही स्वच्छ ऐकू येतंय! मी मध्ये कशाला उभी?" आणि गेली तरातरा विहिरीकडे. मग दोघेही गप्प. मध्ये कुणी नसेल तर आम्ही कसे बोलणार? ती परत येईपर्यंत मी आतला श्वास ऐकत बसले. तोही माझ्या विणण्याचा आवाज ऐकत असणार.

१ ऑगस्ट, गुरुवार

दुखणं वाढलंय. रात्रंदिवस कण्हतो. मी भिंतीला तळहात लावून बसते. पलीकडच्या बाजूला त्याची पाठ आहे, लुपे म्हणते.

४ ऑगस्ट, रविवार

हे लिहू नये असं वाटतंय.

सगळं गाव देवळात होतं. लुपेला मीच आग्रहाने पाठवलं, किती दिवस ती बाहेर पडली नव्हती. दादा झोपला होता. जाग आली तेव्हा पाणी मागू लागला. लुपेला हाका मारत होता. मग हाकाही संपल्या, नुसतं "पाणी".

पेला भरला आणि एक पाय उंबऱ्याच्या आत टाकला. त्याने मला पाहिलं. चेहऱ्यावर राग नव्हता, काहीच नव्हतं. पण हात हळूहळू पांघरुणाकडे गेला आणि ते वर ओढायला लागला, गळ्यापर्यंत. ओढलं जाईना तरी ओढत होता.

मी पाय मागे घेतला.

रस्त्यावर जाऊन किंचाळले. हालोती अंगातला देवळात घालायचा कोट फडफडवत पळत आला आणि पेला माझ्या हातातून घेऊन आत गेला. दादाने पाणी प्यायचा आवाज मी बाहेरून ऐकला.

तो तहानलेला होता आणि पाणी माझ्या हातात होतं. बरोबर केलं की चूक, कळत नाही. हालोतीला विचारलं तर म्हणाला, "मला काय विचारतेस? मी होडीवाला." मग जाता जाता वळला. "माझ्या बहिणीने असंच केलं असतं."

८ ऑगस्ट, गुरुवार

सकाळ. चटईची कड वळवत होते. आत लुपे बायबलमधलं काहीतरी हळू वाचत होती. वाचायची थांबली. मला वाटलं, पान उलटत असेल.

मग ती दारात आली. म्हणाली, "आत्या, आता आत ये."

त्यावरूनच कळलं.

१० ऑगस्ट, शनिवार

माती झाली. घरी येऊन अंग टेकलं, झोप नाही म्हणून लिहितेय.

किनी काल विमानाने आला. रडून रडून तोंड सुजलेलं. त्याने आणि लुपेने डोकी भादरली, सुतकाच्या फाटक्या मोठ्या चटया अंगाला गुंडाळल्या आणि मागे चुलीवर कामाला लागले. मुलांची जागा तिथे, राखेत. मयताच्या उशाशी बसायची जागा मोठ्या मानाची. आमची आत्या कुणी राहिली नाही, म्हणजे ती जागा बहिणीची. दादाला बहीण कुठली, असं नेइआफूहून आलेले एक दूरचे चुलते म्हणाले. चांगलं मोठ्याने म्हणाले.

किनी राखेचे हात घेऊन आत आला. चुलत्यांकडे बघितलंही नाही. बारीक विणीची चटई दादाच्या उशाशी अंथरली आणि म्हणाला, "आत्या, इथे."

मी बसले. माणसं येत होती, वाकून दादाचं कपाळ हुंगून निरोप घेत होती, चटया आणि सालीच्या कापडाचे तागे माझ्यापुढे ठेवत होती. कालो आली. पाद्रीबाबा आले, त्यांनीही माझ्यापुढे मान लववली, नाव मात्र घेतलं नाही. शेवटी ते चुलतेही आले. मी स्वच्छ झगा घालून, हात मांडीवर ठेवून बसून होते. मागे सगळे रडत, धुरात डोळे पुसत काम करत होते. जीव तिकडे ओढत होता. मानाच्या जागी बसलेल्या बाईच्या खांद्यावर कुणी हात ठेवत नाही.

निघायची वेळ झाली. पेटीचं झाकण घेऊन चौघे उभे राहिले. बहिणीने सांगितल्याशिवाय झाकत नाहीत.

"आत्या, झाकू?" किनीने विचारलं.

मी दादाकडे बघत होते. कपाळावरची खोक भरून आली होती. भुवया पांढऱ्या झालेल्या, मला ठाऊकच नव्हत्या. कानाची पाळी आईची. हालोतीने दाढी छान केली होती. इतक्या वर्षांत आम्ही पहिल्यांदा बहीणभाऊ म्हणून एका छपराखाली, इतके जवळ, आणि तो उठून गेला नाही.

पाद्रीबाबा घड्याळ बघू लागले. कुणीतरी खाकरलं. झाकण धरलेल्यांचे हात भरून आले असतील. हालोती म्हणाला, "घाई नाही कुणाला."

किनीने पुन्हा विचारलं, "आत्या?"

लुपे लांब चुलीपाशी होती. आज मध्ये कुणी नव्हतं. मी वाकले आणि त्याच्याशीच बोलले.

"जा, दादा."

मग त्यांना म्हटलं, "झाका."